बेने इस्रायलांचं मराठी लेखन: हिब्रू किती लागतं आणि सुरुवात कुठून करावी?

बेने इस्रायल म्हणजे कोकणातला मराठी बोलणारा ज्यू समाज. त्याच्या लेखनाबद्दल आलेला प्रश्न थोडक्यात असा: "मराठीत एम.ए. झालं आहे. ज्यू विचार, साहित्य आणि अस्मिता या विषयावर, बेने इस्रायलांचं मराठी लेखन घेऊन पीएच.डी. करायची इच्छा आहे. हिब्रू येत नाही. मार्गदर्शक म्हणतात विषय फार पसरट आहे आणि हिब्रूशिवाय होणार नाही. खरंच होणार नाही का? आणि नेमकी सुरुवात कुठून करू?"

मार्गदर्शकांचं पहिलं म्हणणं पूर्ण बरोबर आहे. दुसरं निम्मं बरोबर आहे. पण दोन्हींच्या मागे खरी अडचण वेगळी आहे, ती आधी सांगतो.

विचार, साहित्य आणि अस्मिता हे तीन शब्द एका दमात म्हटले जातात, पण तिन्हींना पुरावा वेगवेगळा लागतो. विचार म्हटलं की तोरा (मोशेची पाच पुस्तकं), मिद्राश (त्यांवरच्या रब्बींच्या, म्हणजे धर्मगुरूंच्या, कथा आणि भाष्यं), प्रार्थनाग्रंथ, हलाखा, म्हणजे धर्मशास्त्र, यांच्याशी गाठ पडते. साहित्य म्हटलं की कीर्तन, पद, नाटक, मासिकातला निबंध हे मराठी प्रकार आले. आणि अस्मिता कळायला मजकूर कोणी, कोणासाठी, कोणाला उत्तर म्हणून लिहिला हे ठाऊक असावं लागतं. बहुतेक प्रबंध तिसऱ्या शब्दापासून सुरू होतात. मग चार-दोन उतारे गोळा होतात आणि "ज्यू असूनही मराठी, मराठी असूनही ज्यू" असा निष्कर्ष निघतो. हा निष्कर्ष एकही पुस्तक न उघडता लिहिता आला असता. म्हणून या विषयावर काम करू इच्छिणाऱ्या प्रत्येकाला मी एकच सांगतो: अस्मितेचं प्रकरण शेवटी लिहा. आधी एक मजकूर घ्या आणि त्यातली कुठली गोष्ट कुठून, कधी, कोणाच्या हातून आली याचे थर वेगळे करा.

हे थर समजायला थोडा इतिहास लागतो. समाजाची परंपरा सांगते की पूर्वज अलिबागजवळ नवगावच्या किनाऱ्यावर जहाज फुटून आले. सात पुरुष आणि सात बायका वाचल्या. ही माणसं तेल गाळत आणि शनिवारी, म्हणजे ज्यूंच्या शब्बाथच्या विश्रांतीदिवशी, घाणा बंद ठेवत, म्हणून 'शनिवार तेली'. त्यांच्याबद्दलचे आज माहीत असलेले सर्वांत जुने लेखी उल्लेख मात्र अठराव्या शतकातले आहेत: एका डॅनिश मिशनऱ्याचं १७३८ चं पत्र आणि कोचीनच्या येहेझकेल राहबी यांचं १७६८ चं पत्र. त्याआधीचा काळ परंपरेच्या भरवशावर आहे. परंपरेतच डेव्हिड राहबी नावाचा माणूस येतो. पंख आणि खवले असलेले, म्हणजे हलाखाप्रमाणे खाण्याजोगे, मासे बायका वेगळे काढतात हे पाहून त्याने ही माणसं इस्रायलची म्हणून ओळखली, त्यांना शिकवलं आणि तिघांना काजी, म्हणजे धार्मिक विधी चालवणारे, नेमलं. हा राहबी कधीचा? परंपरा त्याला काही शतकं मागे नेते. बरेच अभ्यासक तो कोचीनच्या राहबी घराण्यातला, अठराव्या शतकातला मानतात. तुमच्या प्रबंधात हा वाद सोडवायला जाऊ नका. तो मांडा आणि पुढे जा.

पुढचं मात्र चांगलं नोंदलेलं आहे. समाजी हसाजी दिवेकर यांनी १७९६ मध्ये मुंबईत शाआर हाराहामिम ही पहिली मशीद बांधली. (जुने बेने इस्रायल सिनेगॉगला मशीदच म्हणत; जुन्या मजकुरात हा शब्द दिसला की गोंधळू नका.) एकोणिसाव्या शतकात समाजाला तीन दिशांनी शिक्षक मिळाले. कोचीनहून हजान (प्रार्थना चालवणारे) आणि शिक्षक आले, त्यांनी प्रार्थनेची रीत बसवली. बगदादी ज्यू आले. डेव्हिड ससून १८३२ मध्ये मुंबईत आले आणि त्यांच्या घराण्याने शाळा व सिनेगॉग उभे केले. तिसरे मिशनरी. अमेरिकन मराठी मिशन १८१३ पासून मुंबईत होतं. स्कॉटिश मिशनचे जॉन विल्सन १८२९ मध्ये आले आणि १८३२ मध्ये त्यांनी मराठीतून हिब्रू व्याकरण छापलं. म्हणजे बेने इस्रायलांना व्याकरणशुद्ध हिब्रू शिकवण्यात ज्यांना त्यांचं धर्मांतर हवं होतं त्यांचाच मोठा हात होता. धर्मांतरं फारशी झाली नाहीत. हिब्रू आणि मराठी बायबल मात्र समाजात रुजलं. याच मिशन शाळांतून शिकलेले जोसेफ इझिकेल राजपूरकर पुढे ससून यांच्या शाळेचे मुख्याध्यापक झाले आणि हिब्रू प्रार्थना मराठीत आणू लागले. तिन्ही धागे एका माणसात एकत्र आलेले असे असतात. तुम्हाला ते मजकुरात सोडवायचे आहेत.

आता हिब्रूचं. उत्तर मजकुरावर अवलंबून आहे. विसाव्या शतकातली मराठी मासिकं, पत्रव्यवहार, सभांचे वृत्तान्त घेणार असाल तर लिपी वाचता येणं पुरेसं आहे. बावीस अक्षरं, त्यातल्या पाचांची शब्दान्ती बदलणारी रूपं आणि खालचे-वरचे स्वरबिंदू; रोज तासभर दिला तर दोन महिन्यांत अडखळत का होईना वाचता येतं. कीर्तनं घेणार असाल तर बायबलच्या हिब्रूचं एक वर्षाचं प्राथमिक शिक्षण हवं, कारण कीर्तनकाराने मूळ वाचलं होतं की भाषांतर, हे ठरवल्याशिवाय एक पाऊलही पुढे पडत नाही. हागादा (पेसाह या सणाच्या रात्री घरी वाचायचं पुस्तक) किंवा प्रार्थनाग्रंथांची भाषांतरं घेणार असाल तर हिब्रूसोबत थोडी आरामाईक, ही हिब्रूची जवळची जुनी भाषाही. पेसाहच्या हागादातलं 'हा लाहमा अन्या' हे सुरुवातीचं निवेदनच आरामाईकमध्ये आहे. बोलीभाषेतली आधुनिक हिब्रू फक्त इस्रायलमधल्या समाजावर लिहिणार असाल तरच शिका. आणि एक गोष्ट मार्गदर्शक सहसा सांगत नाहीत: या विषयात हिब्रू कच्चं असणाऱ्यांपेक्षा एकोणिसाव्या शतकातलं मराठी कच्चं असणारे जास्त घसरतात. मोल्सवर्थचा कोश, शक्यतो १८५७ ची दुसरी आवृत्ती, हाताशी ठेवा. आजच्या अर्थाने शब्द वाचू नका.

मजकूर हातात आला की पहिलं काम त्याने कुठलं बायबल समोर ठेवलं होतं ते शोधायचं. याला अंदाज लागत नाही. मजकूरच ते दाखवून देतो.

ओव्यांचे, म्हणजे बायबलमधल्या वचनांचे, क्रमांक पाहा. स्तोत्रांच्या वर जो मथळा असतो ("दाविदाचे स्तोत्र" वगैरे) तो हिब्रू बायबल पुष्कळदा पहिली ओवी म्हणून मोजतं. मिशनरी मराठी बायबल इंग्रजीच्या वळणाने तो मोजत नाही. त्यामुळे क्रमांक एकाने सरकतात, ५१ व्या स्तोत्रात तर दोनाने. मलाखीचं पुस्तक हिब्रूत तीन अध्यायांचं आहे, प्रॉटेस्टंट बायबलमध्ये चार. बेने इस्रायलांना अतिशय जवळचा असलेला एलियाहू हन्नाबी (एलिया संदेष्टा) पुन्हा येईल ही ओवी हिब्रूत ३:२३ आहे, मिशनरी बायबलात ४:५. लेखकाने '४:५' लिहिलं असेल तर त्या क्षणी त्याच्या मेजावर कुठलं पुस्तक होतं ते तुम्हाला कळलं. दहा आज्ञांची यादी असेल तर पहिली आज्ञा बघा. ज्यू मोजणीत "तुला मिसरातून बाहेर काढणारा मी तुझा देव" हेच पहिलं वचन. स्कॉटिश आणि अमेरिकन मिशनऱ्यांच्या मोजणीत ती प्रस्तावना, आणि "माझ्याखेरीज तुला अन्य देव नसावेत" ही पहिली आज्ञा. तसंच पुस्तकांचा क्रम: हिब्रू बायबल इतिहासाच्या पुस्तकांनी संपतं, ख्रिस्ती जुना करार मलाखीने.

इथे एक चूक हमखास होते. मिशनरी क्रमांक सापडला की अभ्यासक लिहून मोकळा होतो, "लेखकावर ख्रिस्ती प्रभाव होता". नाही. त्याच्याकडे छापील मराठी बायबल तेवढंच होतं, इतकंच त्यातून सिद्ध होतं. प्रभाव दाखवायचा तर अर्थ लावण्यात दिसला पाहिजे. यशया ७:१४ किंवा ५३ वा अध्याय लेखक कसा समजावतो ते पाहा, कारण मिशनरी नेमके हेच उतारे येशूकडे बोट दाखवायला वापरत. क्रमांक मिशनरी बायबलचा आणि अर्थ ज्यू टीकाकारांचा, असं दिसलं तर तिथे खरं काम सुरू होतं: त्या लेखकाने समोरच्याचंच पुस्तक हातात घेऊन त्याला उत्तर दिलं आहे.

दुसरी कसोटी, बायबलबाहेरच्या कथा. अब्राहामाचं आख्यान घेऊ. बापाच्या दुकानातल्या मूर्ती अब्राहाम फोडतो ही गोष्ट तोरात नाही. ती बेरेशीत रब्बा या मिद्राशाच्या ३८ व्या अध्यायात आहे. मराठी कीर्तनात ती आली तर कीर्तनकारापर्यंत मिद्राश पोचला होता, थेट किंवा कोचीन-बगदादच्या शिक्षकांच्या तोंडून. पण घाई नको: इब्राहिमने मूर्ती फोडल्याची कथा कुराणातही आहे, २१ व्या अध्यायात, आणि कोकणात मुसलमान शेजार होता. तपशील ताडून पाहा. बाप मूर्ती विकणारा आहे, मुलगा हातोडा मोठ्या मूर्तीच्या हाती देतो, नैवेद्यावरून मूर्ती भांडल्या म्हणतो, हे सगळं आलं तर वजन मिद्राशाकडे. बापाची मूर्तिविक्रीच नाही, जमावासमोरचा सवाल-जवाबच तेवढा आहे, तर थांबा आणि दोन्ही शक्यता लिहा. अब्राहामाचा मुलगा इसहाक याच्या बलिदानाच्या प्रसंगात त्याचं वय पाहा. मिद्राशी परंपरेत तो ३७ वर्षांचा, कळून-सवरून बांधून घेणारा आहे. कीर्तनात तो लहान बाळ असेल तर कारुण्याची मागणी मराठी आख्यानपरंपरेची आहे, आणि त्याचं निरूपण तुम्हाला मराठीचे विद्यार्थी म्हणून उत्तम करता येईल.

कीर्तनांबद्दल थोडं जास्त सांगतो, कारण तुमच्यासाठी हाच विषय निवडा असं माझं मत आहे. १८८० च्या सुमारास मुंबईतल्या बेने इस्रायलांनी हरिकीर्तनाचा साचा जाणूनबुजून उचलला. बेंजामिन शिमशोन अष्टमकर हे त्यातलं मोठं नाव. पूर्वरंगात निरूपण, उत्तररंगात आख्यान, मध्ये साक्या, दिंड्या, आर्या, अभंग, सगळं नारदीय वळणाचं. प्रश्न असा विचारायचा की साच्यातली जी जागा ज्यू माणसाला तशीच घेता येत नाही तिथे काय केलं? नमनात गणपती-शारदा येणार नाहीत. मग नमन कोणाला, कुठल्या विशेषणांनी? गुरुवंदनाच्या जागी कोण? पूर्वरंगातला सिद्धान्त कुठल्या वचनावर उभा केला, तोरातल्या की नुसत्या नीतीच्या? सोयीच्या जागा सगळेच उचलतात. गैरसोयीच्या जागी लेखकाने काय केलं यावरून त्याचा विचार कळतो.

कीर्तनं आणि पदं यांच्या काळनिश्चितीचं एक साधन मराठीच्या माणसाला चटकन हाताळता येतं, हिब्रूवाल्याला नाही. पदाच्या डोक्यावर 'चाल' लिहिलेली असते. चाल ओळखली की पद त्याआधीचं नाही हे ठरतं. संगीत शाकुंतल १८८० चं, सौभद्र १८८२ चं. सौभद्रातली चाल असेल तर पद १८८२ नंतरचं. बायकांच्या हस्तलिखित वह्यांमध्ये तर चाली हाच बहुधा काळाचा एकमेव पुरावा असतो, कारण तिथे तारीख नसते आणि एका वहीत दोन-तीन पिढ्यांचे हात असतात. अशी वही मिळाली तर कोरी पानंसुद्धा क्रमाने टिपा, शाई आणि अक्षर कुठे बदलतं ते लिहून ठेवा, आणि म्हणून दाखवणारं कोणी असेल तर आधी गाणं ध्वनिमुद्रित करा, अर्थ नंतर विचारा. अर्थ आधी विचारला की म्हणणारी व्यक्ती समजावून सांगण्याच्या सुरात जाते आणि पाठभेद हरवतात.

हागादा घ्यायचा विचार असेल तर १८४६ चा मुंबईचा शिळाछापाचा आणि १८७४ चा पुण्याचा, हे दोन मराठी भाषांतरासह छापलेले हागादा समोरासमोर ठेवा. पुण्याच्या हागादात मात्झा (पेसाहची बिनखमिराची भाकरी) करणाऱ्या बायकांचं चित्र आहे, त्यांचा वेश इथला आहे; या चित्रावरून अस्मितेबद्दल पुष्कळ लिहिलं जातं. चित्रापेक्षा मला बारीक टाइपातल्या सूचना महत्त्वाच्या वाटतात: आता पेला उचला, आता हात धुवा, आता हे म्हणा. प्रार्थनेचा मजकूर ठरलेला असतो, भाषांतरकाराला तिथे फारसं फिरता येत नाही. सूचना मात्र वाचणाऱ्या घरासाठी लिहिलेल्या असतात, आणि स्थानिक रीत तिथूनच आत शिरते. आणखी दोन गोष्टी तपासा. त्या रात्री विचारायच्या चार प्रश्नांचा क्रम: सेफार्दी (स्पेनच्या परंपरेतल्या ज्यूंच्या) रीतीत बुडवून खाण्याचा प्रश्न पहिला, अश्कनाझी (मध्य आणि पूर्व युरोपातल्या ज्यूंच्या) रीतीत मात्झाचा. आणि द्राक्षारसाचा आशीर्वाद: सेफार्दी रीतीत पहिल्या आणि तिसऱ्या पेल्याला, अश्कनाझी रीतीत चारही पेल्यांना. एवढ्यावरून मागे कुठली छापील प्रत होती त्याचा माग लागतो. दोन आवृत्त्यांत यातलं काही बदललेलं दिसलं, तर मधल्या २८ वर्षांत शिक्षक बदलले का, हा प्रश्न तुम्हाला विचारता येईल.

तारखांचं गणित एकदा पाठ करून टाका. मुखपृष्ठावर इसवी सन, शक आणि हिब्रू वर्ष यातलं काहीही असू शकतं. हिब्रू वर्ष अक्षरांत लिहितात (प्रत्येक अक्षराला ठरलेली संख्या असते) आणि पाच हजार बहुधा गाळतात. ताव ४००, रेश २००, लामेद ३०, दालेत ४, म्हणजे ६३४, म्हणजे ५६३४. त्यातून ३७६० वजा केले की १८७४. पण हिब्रू वर्ष तिश्री महिन्यात, सप्टेंबर-ऑक्टोबरच्या सुमारास सुरू होतं, म्हणून तिश्रीपासून डिसेंबरअखेरपर्यंतच्या तारखेला ३७६१ वजा करायचे. त्याच ५६३४ च्या हनुकाला (डिसेंबरच्या सुमाराचा दिव्यांचा सण) १८७३ साल चालू असतं. शकाचं उलट: चैत्रापासून ७८ मिळवा, जानेवारीपासून फाल्गुनअखेरपर्यंत ७९. कधीकधी वर्ष एखाद्या वचनात लपवलेलं असतं, ज्या अक्षरांवर खूण आहे किंवा जी मोठी छापली आहेत त्यांचीच बेरीज करायची. थडग्यांवर आणखी एक अडचण येते. हिब्रू दिवस सूर्यास्ताला सुरू होतो, त्यामुळे मराठी आणि हिब्रू तारखांत एका दिवसाचा फरक दिसला तर ती खोदणाऱ्याची चूक असेलच असं नाही.

नावांसाठी वेगळी वही करा. समाजी म्हणजे शमुएल, हसाजी म्हणजे येहेझकेल, अबाजी म्हणजे अब्राहाम, इसाजी म्हणजे इसहाक, एलोजी म्हणजे एलिया. एकच माणूस पलटणीच्या कागदात एका नावाने, मशिदीच्या नोंदीत दुसऱ्या आणि इंग्रजी मासिकात तिसऱ्या नावाने येतो. आडनाव गावावरून, पेणकर, रोहेकर, राजपूरकर, अष्टमकर, झिराडकर, आणि त्यांचं लेखनही बदलतं: केहीमकर, किहीमकर. देवनागरीत हिब्रू लिहिण्याची एक पद्धत नव्हती. आबोथ-आवोत, शब्बाथ-शाबात अशा जोड्या सर्रास मिळतात. अलिबागच्या सिनेगॉगचं नाव 'मागेन आबोथ' असं लिहितात, आणि हा थ आणि ब जुन्या उच्चाराची खूण आहे. उतारे देताना हे 'शुद्ध' करू नका. जुनं शुद्धलेखन, अनुस्वार, विरामचिन्हं जशीच्या तशी ठेवा. उच्चार कोणाकडून शिकले याचा तो पुरावा आहे, आणि तुम्ही तो सुधारलात की पुढच्या अभ्यासकासाठी कायमचा गेला.

इतिहासलेखनाकडे वळू, कारण तिथे सगळ्यांत जास्त गफलत होते. हाईम सॅम्युएल केहीमकर यांचा समाजाचा इतिहास हा या विषयाचा पाया आहे. त्यांनी तो इंग्रजीत लिहिला, १८९७ मध्ये पूर्ण केला आणि तो छापला गेला तेल अवीवमध्ये १९३७ साली. म्हणून "या ग्रंथाने १९०० च्या मुंबईतल्या वाचकांना आत्मभान दिलं" असं लिहिता येत नाही. त्यातले युक्तिवाद आधी फिरत असतील, पण ते वेगळ्या पुराव्याने दाखवावं लागेल. केहीमकर पूर्वजांचं आगमन इसवी सनापूर्वी १७५ च्या सुमारास धरतात. त्यांचं एक मोठं कारण असं की समाजाला हनुका माहीत नव्हता, आणि हनुका हा मक्काबी या ज्यू बंडखोरांच्या त्यानंतरच्या विजयातून सुरू झालेला. युक्तिवाद चतुर आहे, पण तो एका गोष्टीच्या नसण्यावर उभा आहे. ज्या समाजाकडे शतकानुशतकं ग्रंथ नव्हते त्याच्याकडे पुष्कळ गोष्टी नव्हत्या, आणि विसर पडल्यामुळे एखादा सण नसणं आणि तो जन्मण्याआधीच निघाल्यामुळे नसणं हे बाहेरून सारखंच दिसतं. तरीही केहीमकरांना खोडून काढणं हे तुमचं काम नाही. त्यांनी हा युक्तिवाद का निवडला हे तुमचं काम आहे. समाज खरा ज्यू आहे का अशी शंका घेणारे, विशेषतः बगदादी मंडळी, समोर होती. समाजातही गोरे आणि काळे इस्रायल असा भेद पाळला जात होता. इतक्या जुन्या तारखेने एका फटक्यात शंकेला उत्तर मिळत होतं.

सणांची जुनी मराठी नावंही पुष्कळशी केहीमकरांमुळेच टिकली: रोश हाशानासाठी (नववर्ष) नव्याचा सण, मग खिरीचा सण, किप्पूरसाठी (प्रायश्चित्ताचा दिवस) दारफळणीचा सण आणि दुसऱ्या दिवशी शिळा सण, पुरिमसाठी होळीचा सण, जेरुसलेमच्या मंदिरनाशाच्या उपवासासाठी बिरड्याचा रोजा, आणि एलुल महिन्याच्या उपवासांना रमजान. यादी मोहक आहे, आणि म्हणूनच प्रत्येक प्रबंधात पान भरून उतरवली जाते. ती वापराच, पण १८९० च्या दशकातल्या एका सुशिक्षित सुधारकाने मागे वळून केलेली नोंद म्हणून वापरा. तुमच्या हातातल्या मजकुरात यातलं कोणतं नाव येतं आणि कोणत्या जागी हिब्रू नाव आलं आहे, ते वर्षानुसार लावा. नव्या नावांनी जुन्यांची जागा कधी घेतली याचा एवढा साधा तक्तासुद्धा विषयात नवी भर घालेल.

जहाज फुटण्याच्या कथेबाबतही असंच. चित्पावनांच्या परशुरामकथेत समुद्रातून वाहत आलेले चौदा देह आहेत, इथे सात आणि सात. साम्य दिसलं की कोणी दोन्ही समाज एकच होते म्हणतं, कोणी कथा उसनी आहे म्हणतं. कोकणच्या किनाऱ्यावर उत्पत्ती सांगण्याची एक घडण होती आणि दोन्ही समाज ती वापरत होते, एवढंच या साम्यातून सुरक्षितपणे म्हणता येतं. २०१६ मध्ये प्रसिद्ध झालेल्या जनुकीय अभ्यासात या समाजात पश्चिम आशियाई ज्यू आणि भारतीय, दोन्ही वंशधागे आढळले. तो तळटीपेत द्या. वाङ्मयाच्या प्रबंधात रक्ताच्या पुराव्याने काही सिद्ध करायला जाऊ नका. १८८० च्या कीर्तनकाराने स्वतःला काय मानलं हे त्यातून कळत नाही.

आता अस्मितेचं प्रकरण. तिथेही प्रसंग धरून लिहा. इस्रायलमध्ये गेलेल्यांपैकी काहींनी १९५१-५२ मध्ये भेदभावाविरुद्ध धरणं धरलं आणि काही जण भारतात परतले. १९६२ मध्ये तिथल्या मुख्य रब्बीपीठाने (ज्यू धर्मगुरूंच्या अधिकृत संस्थेने) बेने इस्रायलांशी विवाह लावण्यापूर्वी वंशाची चौकशी करण्याच्या सूचना काढल्या. मोठ्या आंदोलनानंतर १९६४ मध्ये संसद आणि सरकार समाजाच्या बाजूने उभे राहिले आणि रब्बीपीठाला माघार घ्यावी लागली. हा वाद श्रद्धेबद्दल नव्हता. पूर्वीच्या पिढ्यांत घटस्फोट आणि विधवेचं दिराशी नातं सोडवण्याचे विधी हलाखाप्रमाणे झाले होते का, यावर तो होता. म्हणजे प्रश्न विवाहाच्या कायद्याचा होता. हे नीट समजून घेतलं नाही तर त्या काळातली मराठी पत्रकं आणि अग्रलेख केवळ संताप वाटतात. समजलं तर दिसतं की लेखक एका विशिष्ट आरोपाला मुद्देसूद उत्तर देत होते. इस्रायलमधून निघालेलं 'मायबोली' हे मराठी नियतकालिक वाचतानाही हा संदर्भ डोक्यात ठेवा.

निस्सीम इझिकेल किंवा एस्थर डेव्हिड यांना प्रबंधात घ्यायचा मोह होईल. ते इंग्रजीत लिहिणारे लेखक आहेत, त्यांचा वाचक वेगळा, त्यांच्यावर स्वतंत्र अभ्यास पुष्कळ आहे. शीला रोहेकर हिंदीत लिहितात. ही नावं प्रस्तावनेत एका परिच्छेदात आली तर पुरे. मराठी कीर्तनं आणि इंग्रजी कविता एका प्रकरणात कोंबल्या की दोन्हींवर अन्याय होतो.

साहित्य कुठे मिळेल? शंकर गणेश दाते यांच्या मराठी ग्रंथसूचीचा १८०० ते १९३७ हा भाग आधी घ्या. मग ब्लुमहार्ट यांनी केलेली ब्रिटिश म्युझियमच्या मराठी पुस्तकांची १८९२ ची सूची. दोन्हींत लेखकनावांची रूपं वेगळी असतील, नावांची वही तिथेच उपयोगी पडते. मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय आणि एशियाटिक सोसायटी इथे. जेरुसलेममध्ये इस्रायलचं राष्ट्रीय ग्रंथालय आणि बेन-झ्वी संस्था. हिब्रू मूळ आणि मिद्राश ताडण्यासाठी सेफारिया हे मोफत संकेतस्थळ पुरेसं आहे. एक लक्षात ठेवा: देवाचं नाव असलेले जीर्ण हिब्रू ग्रंथ टाकून देत नाहीत, पुरतात. त्यामुळे हिब्रू-मराठी प्रार्थनापुस्तकांच्या किती प्रती आज दिसतात त्यावरून किती छापल्या गेल्या याचा अंदाज बांधू नका.

घरं आणि मशिदी यांच्याकडे ग्रंथालयं संपल्यावर जा, आधी नाही; काय शोधतो आहोत हे ठाऊक नसेल तर समोरच्याचा वेळ वाया जातो. शुक्रवारी दुपारनंतर आणि शनिवारी फोन करू नका. शब्बाथला लिहीत नाहीत, यंत्र चालवत नाहीत, तेव्हा वही-कॅमेरा घेऊन जाणं अशिष्ट ठरतं. रविवार सकाळ उत्तम. पुरुषांनी डोकं झाकून आत जावं. सेफेर तोराला (तोराच्या हस्तलिखित गुंडाळीला) हात लावू नये, फोटोची परवानगी प्रत्येक वस्तूसाठी वेगळी मागावी. मलिदा या घरगुती विधीला बोलावलं तर जरूर जा, पण पोहे-नारळाच्या त्या ताटाभोवती म्हटलं जाणारं एलियाहू हन्नाबीचं पद त्या वेळी टिपून घेण्यापेक्षा नुसतं ऐका. पाठ नंतर मागता येतो.

मार्गदर्शकांना दाखवायला आराखडा असा करता येईल. विषय: बेने इस्रायलांची मराठी कीर्तनं, १८८० ते १९३०, एवढाच. पहिल्या वर्षी हिब्रूचं प्राथमिक शिक्षण आणि दोन्ही सूचींमधून नोंदी. दुसऱ्या वर्षी तीन आख्यानं निवडून त्यांचे उगम ओवीओवीने लावणं, तोरा, मिद्राश, मिशनरी बायबल, मराठी आख्यानपरंपरा असे चार रकाने करून. ज्या ओवीचा उगम सापडत नाही तिच्यासाठी पाचवा रकाना ठेवा आणि तो भरत गेला तरी घाबरू नका. तीन आख्यानांचा पाचवा रकाना भरत आला की त्यातल्या ओव्या सलग वाचून काढा, आणि अस्मितेच्या प्रकरणाचं पहिलं टिपण तिथून सुरू करा.